भरदुपारच्या आसरा

भागीबाईचा मला राग यायचा, हे आधीच सांगून टाकते. १९९५ साली मखमलाबादच्या पुढच्या एका उपकेंद्रात मी नर्स म्हणून रुजू झाले, तेव्हा चोवीस वर्षांची होते. नाशिक रोडला वाढलेली, वडील नोटांच्या प्रेसमध्ये, घरात सगळं घड्याळाच्या काट्यावर. आणि इथे येऊन बघते तर माझ्या हद्दीतल्या तीन हजार माणसांची खरी डॉक्टर एक अंगठाबहाद्दर बाई! मी घसा बसेपर्यंत समजावून लोहाच्या गोळ्या वाटायचे. बाया गोळ्या पदराला बांधायच्या आणि दुखणं सांगायला भागीबाईच्या मळ्यात जायच्या.

भागीबाई तेव्हा साठीला टेकलेली. नवरा लवकर गेलेला, मुलगा एकच, बहिरू. दीड एकरात झेंडू, शेवंती आणि मधल्या पट्ट्यात मेथी-कोथिंबीर. पहाटे पंचवटीच्या बाजारात फुलं पोचवून आठाला परत. बुटकी आणि जिभेची तिखट. पहिल्याच भेटीत मला म्हणाली, "सुया टोचनारी ती तूच का? पोरं उगाच नाय भीत."

ताप-खोकल्याला ती हात लावायची नाही. तिच्याकडे एकच दुखणं यायचं, ते आसरांचं. आसरा म्हणजे पाण्यातल्या सात बहिणी. मळ्यातल्या प्रत्येक विहिरीवर शेंदूर फासलेले सात दगड असतात, ते त्यांचे. एरवी त्या कुणाच्या वाटेला जात नाहीत, पण भर दुपारी बाईमाणूस एकटं विहिरीजवळ गेलं की धरतात, असं सगळे मानायचे.

आणि त्या धरायच्या. हीच तर पंचाईत होती. मी स्वतः पाहिलं, पुढच्याच उन्हाळ्यात. एक तरणी बाई विहिरीजवळच्या बांधावर बसली होती. ती रडत नव्हती, पण डोळ्यांतून धारा लागलेल्या. तोंडातून लाळ गळत होती आणि ती पुसायचं भान तिला नव्हतं. दंडाच्या कातडीखाली काहीतरी वळवळत इकडून तिकडे जात होतं. मी वाकून डोळे पाहिले. बाहुल्या खसखशीच्या दाण्याएवढ्या झाल्या होत्या.

"सिस्टर," तिने मला विचारलं, "दिवस कवा बुडाला?"

डोक्यावर साडेबाराचं ऊन होतं. हवेत ठेचलेल्या लसणाचा वास होता आणि आसपासच्या एकाही वाफ्यात लसूण लावलेला नव्हता. "त्या आल्या की वास येतो," एक म्हातारी हळूच म्हणाली. मी विहिरीत डोकावले. पाण्यावर दोन साळुंक्या मरून तरंगत होत्या. माझ्या अंगावर काटा आला आणि काटा आला म्हणून मला स्वतःचीच चीड आली.

भागीबाई आली ती केस सोडूनच. बघता बघता तिचं अंग घुमायला लागलं आणि तिच्या तोंडून आवाज निघाला तो तिचा नव्हता. जाड, ओला, खूप खालून वर आल्यासारखा. "आमच्या वाटंत बसली. हिचं समदं उतरवा." बायांनी पातळांचा आडोसा धरला. त्या बाईच्या अंगावरचं झाडून सगळं काढलं, बांगड्यासुद्धा. चुलीतली राख चोळून डोक्यापासून सात हंडे पाणी ओतलं. कोरडं हिरवं लुगडं नेसवलं. उतरवलेले कपडे बांधाखाली पुरले, ते पुन्हा कुणी घालायचे नाहीत. आणि सात दिवस त्या बाईने रानात पाऊल टाकायचं नाही.

संध्याकाळपर्यंत ती बाई उठून बसली. माझ्या पिशवीत यावर काहीही नव्हतं. माझा नुसता तिळपापड झाला.

आमच्या आरोग्य केंद्राच्या डॉक्टरांना मी हे सगळं रंगवून सांगितलं, ते हसतील म्हणून. ते हसले नाहीत. त्यांनी एवढंच विचारलं, "त्या दिवशी फवारणी झाली होती का?" मी चौकशी केली. झाली होती. त्याच्या आधी एक बाई धरली गेली, त्या दिवशीही झाली होती. किडीचं औषध विहिरीवरच कालवायचे, कारण पाणी तिथे. मग त्याच ओल्या झाडांतून बाया उघड्या हातांनी फुलं खुडायच्या. चोळी भिजायची, वर दुपारचं ऊन, आणि ते औषध अंगात मुरायचं. वास त्याचाच होता. "पुस्तकात कपडे उतरवा, धुऊन काढा, असंच लिहिलंय," डॉक्टर म्हणाले. "तुमची भागीबाई तेच करते. फक्त कारण चुकीचं सांगते. मात्र जास्त झालेल्या बाईला नुसत्या पाण्याने भागणार नाही, तिला इंजेक्शनच हवं."

त्यातलं ते 'फक्त' माझ्या डोक्यात जाऊन बसलं. दुसऱ्याच दिवशी मी भागीबाईच्या विहिरीवर गेले, तिच्या शेजारी कट्ट्यावर बसले आणि तिला सगळं फोडून सांगितलं. विष कसं अंगात जातं, डोळे का गळतात, दुपारीच का होतं. ती कोथिंबिरीच्या जुड्या बांधत होती. हात न थांबवता तिने ऐकून घेतलं.

"आसंल," ती म्हणाली. "मंग माझ्या अंगात येतं ते काय आसतं?"

"मनाचे खेळ, मावशी," मी म्हणाले. केवढी फुशारकी होती माझ्या बोलण्यात! तिने जुडीला गाठ मारली आणि पुढची घेतली.

मग मी गावभर सभा घेतल्या. 'ही आसरा नाही, ही विषबाधा आहे,' असं ठासून सांगितलं. रंगूबाई नावाच्या बाईला पुढच्या वर्षी तसंच झालं, तेव्हा मी स्वतः तिला गाडीत घालून नदीपलीकडच्या सरकारी दवाखान्यात नेलं. ती वाचली. पण कागदावर 'विष' असा शब्द पडला आणि मागोमाग पोलीस आले. का प्यायली? कुणी पाजलं? तिच्या नवऱ्याला आणि सासूला दोन दिवस ठाण्यात बसवलं. माहेरचे काठ्या घेऊन आले. रंगूबाई घसा फोडून सांगत होती की मी काही प्यायले नाही, फुलं खुडत होते. तिच्या सख्ख्या आईनेही विश्वास ठेवला नाही. आसरांनी धरलं तर दोष कुणाचाच नसतो, बाईला सात दिवस आराम मिळतो. विष म्हटलं की कुणीतरी दोषी लागतो आणि तो घरातलाच निघतो. हे मला कुणी शिकवलं नव्हतं, आणि मी विचारही केला नव्हता.

त्यानंतर बाया दिसेनाशा झाल्या. म्हणजे दुखणं थांबलं नव्हतं, दारं बंद व्हायला लागली होती. भागीबाईनेही ते काम सोडलं होतं. बोलवायला आलेल्यांना ती "गुडघं धरल्यात" म्हणून परत पाठवायची. १९९९च्या मे महिन्यात अशाच एका बंद दारामागे फुलाबाई गेली. तिच्या घरच्यांनी पोलिसांच्या भीतीने दवाखाना टाळला आणि भागीबाई येणार नाही म्हणून अंगावर पाणीही ओतलं नाही. छातीत कळ आली, असं मला सांगितलं. दुसऱ्या दिवशी मी भेटायला गेले तर तिचं लुगडं दोरीवर वाळत होतं आणि त्याला तो वास होता. फुलाबाई माझ्यामुळे गेली. आजही मला तसंच वाटतं, कुणी कितीही समजूत काढली तरी.

पुढच्या वर्षीच्या दसऱ्याच्या दोन दिवस आधीची गोष्ट. ऑक्टोबरचं ऊन चटके देत होतं आणि सगळे मळे झेंडूने पिवळे झाले होते. बहिरूच्या मुलीला लस द्यायची राहिली होती म्हणून मी दुपारी त्यांच्याकडे गेले. दार लावलेलं आणि बहिरू दारात उभा.

"घरात कोनी नाय सिस्टर. उद्या या."

आतून घरघर ऐकू आली. पाणी भरलेल्या नळीतून हवा ओढावी तशी. ती सुवर्णा होती, त्याची बायको. सकाळीच फवारलेल्या झेंडूत सकाळपासून खुडायला वाकलेली.

"बहिरू, बाजूला हो! मरेल ती!"

"पोलीस येतील," तो म्हणाला. "लोक म्हनतील सासूनं पाजलं. म्हातारीला ठान्यात बशीवतील. रंगूबाईचं काय झालं, तुमी पाह्यलं ना?"

मी ओरडले, विनवण्या केल्या, त्याचा दंड धरून ओढला. तो हलला नाही. माझ्याजवळ सगळं खरं ज्ञान होतं आणि त्याचा त्या दारापुढे काडीचा उपयोग नव्हता. तेवढ्यात विहिरीकडून भागीबाई आली. तिने एकदा माझ्याकडे पाहिलं. मग तिने अंबाडा सोडला.

तिचं अंग घुमायला लागलं. तोच जाड, ओला आवाज. "बहिऱ्या, सर मागं." आणि माझ्या ओढण्याने तसूभर न हललेला तो बाप्या हात जोडून बाजूला झाला. शेजारच्या बाया धावत आल्या. कपडे उतरले, राख आली, हंडे आले. सुवर्णाच्या अंगाखालून फेसाळ पाणी वाहत गेलं. आवाज बोलत होता. "हिला नदीपल्याड न्या. नदीपतोर आमची हद्द. पल्याड आमचा हात चालत नाय. तिथं सुया टोचा. कोनी इचारलं तं सांगा, आसरांनी धरली." कुणीतरी टेम्पो आणला. आम्ही सुवर्णाला फुलांच्या पोत्यांवर ठेवलं. टेम्पो हलताना भागीबाईने माझं मनगट पकडलं. हात बर्फासारखा गार होता. "तोंड कोरडं पडंस्तोर सुई थांबवायची नाय," तो आवाज माझ्या कानाशी म्हणाला.

दवाखान्यात एक तरुण डॉक्टर होता, नवखा पण हुशार. त्याने इंजेक्शन सुरू केलं, एक, मग दुसरं, मग तिसरं. नाडी धावायला लागली तसा तो थांबला. "आता बस. आणखी दिलं तर हृदयाला झेपणार नाही." सुवर्णाच्या तोंडाच्या कोपऱ्यातून अजून लाळ येत होती. माझी पायरी मला माहीत होती. तरी मी म्हणाले, "साहेब, तोंड अजून ओलं आहे." त्याने वाकून तिचं तोंड पाहिलं. मग त्याने पुन्हा सिरिंज भरली. किती भरल्या, मी मोजल्या नाहीत. दिवेलागणीला सुवर्णाची जीभ टाळ्याला चिकटली आणि तिने पाणी मागितलं. 'फवारणीचं औषध अंगावर पडून' असं मी कागदावर लिहून घेतलं, अक्षरन्‌अक्षर उभी राहून.

आमच्या डॉक्टरांना सांगितलं तर ते चकित झाले. "तोंड आणि छाती कोरडी पडेपर्यंत द्यायचं, नाडीला घाबरून थांबायचं नाही, हाच नियम आहे. तुम्हाला कुणी सांगितलं?" मी काहीतरी बोलून वेळ मारून नेली.

चार दिवसांनी मी भागीबाईकडे गेले. ती कट्ट्यावर बसली होती. मी शेजारी टेकले.

"सिस्टर, तुला एक सांगते, कुनाला बोलू नको," ती म्हणाली. "त्या दिशी मला कायबी आलं नव्हतं. सोंग केलं मी. तू सांगितल्यापासून यायचंच बंद झालंय. चार वरसं झाली. हाका मारते, पन हिरीत नुसतं पानी हाय. गुडघं कसलं दुखत्यात माझं!" ती तोंडात पदर धरून रडली. मी तिचं दुखणं बरं करायला गेले नव्हते, तिच्या सोबतीला येणारं माणूस मी नेलं होतं.

"मग 'नदीपलीकडे न्या' हे कोण म्हणालं?"

"मीच म्हनले. तूच न्हाय का म्हनत व्हतीस, इंजेक्शन लागतं म्हनून?"

"आणि तोंड कोरडं पडेपर्यंत सुई थांबवायची नाही, हे कुठून कळलं तुम्हाला? मलाही माहीत नव्हतं ते."

भागीबाईचं रडणं थांबलं. "हे मी नाय म्हनले."

"म्हणालात. टेम्पोशी. माझं मनगट धरून."

"मी टेम्पोपाशी आलेच नाय, सिस्टर. मी हितं व्हते, हिरीवर. पोरीचे कपडे पुरत व्हते. इचार बहिऱ्याला."

भर दुपार होती. मळ्यात कुणी नव्हतं. मी सांगणार होते की चाळीस वर्षं अशा बाया पाहिल्यावर माणसाला न शिकता कळतं, घाईत आपण काय केलं ते आठवत नाही. भागीबाईने डोळे पुसले. थोरल्या माणसापुढे घेतात तसा पदर डोक्यावरून नीट पुढे ओढला. मग ती कट्ट्यावर माझ्यापासून हळूच सरकली. आमच्या दोघींच्या मध्ये एक बाई बसेल एवढी जागा झाली.