बाहुलीचे पाय

माझ्या लेकीचा नाच मी खोटं सांगून बंद केला. तेव्हा मी पिंपरीच्या कंपनीत रात्रपाळी करत होतो. एका संध्याकाळी कॉलनीच्या मैदानात पडदा बांधून विलायती बॅलेवरचं कार्टून दाखवलं. त्यात चिनी मातीची एक बाहुली पायाच्या बोटांवर नाचायची. पाळीची वेळ झाली म्हणून लेकीला अर्ध्यातूनच उठवून मी घरी आणलं.

दुसऱ्या दिवशी मी झोपलो असताना ती उशाशी गिरक्या घेऊ लागली.

"बाबा, पुढं काय झालं हो तिचं?"

"नाचून नाचून पाय तुटले तिचे! आता बस गुपचूप."

ती बसली. त्यानंतर ती घरात टाचा टेकून, जपून चालायची. मला मात्र दुपारी डोळा लागताच फरशीवर गिरकीचा आवाज यायचा. उठून बघावं, तर ती भिंतीशी बसलेली.

काही वर्षांनी तेच कार्टून कासारवाडीत आलं. मी एकटाच गेलो. शेवटपर्यंत बाहुली धडधाकट होती, नाचत होती.

घरी लेक शेंगा सोलत होती.

"तिचे पाय तुटले नव्हते," मी म्हणालो.

कुणाचे, हे तिनं विचारलं नाही.

"मी खोटं बोललो, बाळ. माझं चुकलं."