पप्पा म्हणजे 'पहेलां'

अरे, आमच्या पप्पांची टीव्हीवर ॲड यायची, खरंच! बमरोलीच्या लोकल केबलवर, केसांच्या तेलाची. केबलवाल्याने जुन्या टेपा आता मोबाईलवर टाकल्यात, मी तर बघून हसत खालीच बसले. पहिले पप्पांचं चकाचक टक्कल, त्याखाली गुजरातीत 'पहेलां', म्हणजे आधी. मग तेच पप्पा, दाट केस, 'पछी', म्हणजे नंतर. मागून कोणीतरी ओरडतोय, "टालथी कंटाळ्या छो?" म्हणजे टकलाला कंटाळलात का? पप्पांचे ओठ भलतंच काही बोलतायत, आणि दोन्ही वेळा मागे दोरीवर मम्मीची तीच साडी!

खरं म्हणजे तेव्हा आजोबा वारले होते, म्हणून पप्पांनी डोकं भादरलं होतं. केबलवाला शेजारचाच. त्याने लगेच एक शूटिंग उरकलं, दुसरं केस वाढल्यावर. तेल पप्पांनी बोटालाही लावलं नाही. गल्ली मात्र अजून त्यांना 'पहेलाभाई' म्हणते.

गेल्या महिन्यात दादाला बघायला पाहुणे आले, मुलगीही सोबत. दादाचे केस कपाळावरून मागे सरकलेत, त्यावरून आधीच्या मुलींकडून नकार आलेला. आणि ही मुलगी त्याला फारच आवडलेली. "ती ॲड काढलीस ना, बघ मग!" त्याने मला दम दिला.

मी काढलीच नाही! पण मुलीचे वडील चहा सोडून पप्पांकडेच टक लावून बसलेले.

"भाऊ, तुम्ही ते तेलवाले ना? टीव्हीवरचे?"

मम्मीच्या हातातली पोह्यांची डिश हवेतच थांबली. मुलीच्या वडिलांनी टोपी काढली. डोकं असं चकाचक, की त्यात बघून आपला भांग पाडता येईल!

"तुमले देखीसन वरीसभर तेल चोपडं मी. आजून 'पहेलां'च शे!"

पप्पांनी घाबरत सगळं खरं सांगून टाकलं.

"म्हणजे ते बाप गेल्याचं टक्कल?" आणि ते असे हसले, की चहा बशीत सांडला.

दादा तरी पांढराफटकच. तेवढ्यात मुलगी वडिलांकडे बोट दाखवत बोलली, "अण्णा ते तेल मला पण लावायचे. शाळेत कोणी जवळ बसायचं नाही, एवढा वास! या घरात ती बाटली येणार नसेल, तर माझी ना नाही."

"नाही येणार!" दादा इतक्या जोरात ओरडला, की शेजारच्या काकू दारात येऊन विचारायला लागल्या, "कोण येणार नाही रे?"