लेकीचा श्वास आणि माझे हात

माझी मुलगी आयटीत आहे, दिवसभर खुर्चीत बसते. तिला एखादा छंद असावा, हे म्हणणं माझंच. माझ्या डोक्यात कथक होतं, फार तर बॅडमिंटन. तिने निवडलं फ्रीडायव्हिंग. म्हणजे पाठीवर टाकी वगैरे काही न घेता एका श्वासावर समुद्रात खोल जायचं आणि त्याच श्वासावर परत यायचं.

"यात करायचं काय असतं?" मी विचारलं.

"काही नाही. श्वास घ्यायचा नाही."

यासाठी लोक फी भरतात हे ऐकून आमचे हे पेपरामागे गेले, ते जेवायलाच बाहेर आले.

समुद्राआधी पोहण्याच्या टँकवर परीक्षा होती. पाण्यावर पालथं पडून, तोंड पाण्यात घालून चार मिनिटं दम धरायचा. हे एकट्याने कधीच करायचं नाही, कारण शुद्ध हरपली तर उचलायला शेजारी कोणीतरी लागतं. तिची जोडीदारीण नोकरी बदलून बंगळूरला गेली. मी बिबवेवाडीत लेडीज बॅचला वर्षानुवर्षं पोहते, म्हणून माझी नेमणूक झाली.

"तुला फक्त शांत उभं राहायचंय," मुलगी म्हणाली. सांगताना तिचा स्वतःचाही विश्वास बसत नसावा.

काम सोपं होतं. मधूनमधून तिच्या खांद्यावर टिचकी मारायची. तिने बोट उचललं की सगळं ठीक. नाही उचललं तर पुन्हा टिचकी. तरीही नाही, तर सरळ उचलायचं. ती आपणहून वर आली तर तिने नाकाची क्लिप काढून, बोटांनी खूण करून "मी ठीक आहे" म्हणायचं. तोवर कोणी तिला हात लावला की सगळं बाद.

पहिल्याच सरावात तिचं पोट हिसके देताना दिसलं आणि मी तिला दंडाला धरून बाहेर ओढलं.

"आई! ते नॉर्मल असतं!" ती खोकत म्हणाली. मग तिने समजावलं: ऑक्सिजन अजून शिल्लक असतो, पण कार्बन डायऑक्साइड साठत जातो, म्हणून शरीर श्वासासाठी धडपडतं.

"म्हणजे काही झालेलं नसताना आरडाओरडा?"

"हो. तुझ्यासारखा."

दुसऱ्या खेपेला मी स्वतःला आवरलं, पण ती वर आल्यावर तिचं नाक पुसलं. बाद. तिसऱ्या खेपेला कपाळावरचे केस मागे सारले. तेही बाद.

"काकू," तिचा प्रशिक्षक काठावरून म्हणाला, "तिला पाण्यापेक्षा तुमचंच टेन्शन जास्त आहे."

"अहो, मुलगी माझी आहे."

"तोच तर प्रॉब्लेम आहे."

त्याचा राग मी स्वारगेटपर्यंत बसमध्ये धरून ठेवला. उतरताना मुलगी म्हणाली, "परीक्षेत असं झालं ना, तर मी दुसरं कोणीतरी बघीन, आई." ती चिडून म्हणाली असती तर मी भांडले असते. ती अगदी मऊ आवाजात म्हणाली. मला फार लागलं.

परीक्षेच्या दिवशी मी छातीभर पाण्यात तिच्या शेजारी उभी राहिले. मला भीती वाटत होती, सरळ सांगते. हिसके सुरू झाले. पाठमोरी ती हुंदके देत असल्यासारखी दिसत होती, आणि हुंदके देणाऱ्या लेकीकडे नुसतं बघत राहायची मला सवय नाही. टिचकी मारली. बोट वर आलं. थोड्या वेळाने पुन्हा मारली. बोट आलं नाही.

नियम आठवून मी आणखी एक टिचकी मारली. बोट उठलं, पण सकाळी उठवल्यावर ती जशी उठते तसं, उपकार केल्यासारखं.

मग ती वर आली. काठ धरून तिने मोठे मोठे श्वास घेतले. ओठ निळसर, नाक वाहतंय, केस डोळ्यांत. मी दोन्ही हात पाठीमागे नेऊन बोटं एकमेकांत घट्ट अडकवली. तिने क्लिप काढली, खूण केली, माझ्याकडे बघून म्हणाली, "मी ठीक आहे."

"पास!" प्रशिक्षक ओरडला.

मी तशीच उभी राहिले. हात सोडायचं मला धाडसच होईना.

"आई," ती म्हणाली, "आता लाव की हात."