बाबांची कुजबुज

मी शनिवारी गाते तो पिंपरीतला बार एवढासा आहे, की शेवटच्या टेबलावरचा उसासाही मला ऐकू येतो. पण बारमध्ये गाते म्हटलं की लोकांच्या नजरा बदलतात. म्हणून आई-बाबांनी कॉलनीत सांगून ठेवलं होतं, पोरगी गाण्याचे क्लास घेते. माझं डोकंच फिरायचं. शेवटी एका संध्याकाळी दोघांना हट्टानं घेऊन गेले.

बाबा कडक इस्त्रीचा शर्ट घालून आले. "आम्ही कोण ते कुणाला सांगू नको," असं बजावून स्पीकरजवळ लिंबू सोडा घेऊन बसले.

बाबांचं निम्मं आयुष्य चाकणच्या कंपनीत, प्रेस शॉपमध्ये गेलं. धडधडत्या मशिनांपुढे तिथे सगळे ओरडूनच बोलतात, आणि कानही तिथेच जातात.

गाणं संपलं, टाळ्या थांबल्या. बाबा आईच्या कानाशी वाकले आणि त्यांच्या मते अगदी हळूच म्हणाले, "उद्या कॉलनीत सांगून टाक. क्लासबिस काही नाही, आपली पोरगी बारमध्ये गाते!"

अख्खा बार वळून बघायला लागला. आईनं कपाळाला हात लावला. बाबा मात्र मोठं गुपित राखल्यासारखे, गंभीर चेहऱ्यानं सोडा पीत बसले.