माझ्या नावातला ळ

आमच्या भागात ळ फारसा कुणाच्या तोंडी नाही. डोळे म्हणजे डोये, पोळी म्हणजे पोयी, जवळ म्हणजे जवय. त्यामुळे माझ्या नावातल्या ज्या एका अक्षरासाठी वडील आयुष्यभर भांडत राहिले, ते अक्षर आमच्या घरात त्यांच्याखेरीज कुणी नीट उच्चारलंच नाही. माझं नाव शीतळ. आई म्हणते शीतय. बाकी सगळे शीतल लिहितात, आणि मी ‘ळ आहे’ म्हटलं की चूक माझीच असावी तसे माझ्याकडे बघतात.

वडील जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तर होते. माझ्या नावात ल छापून आला की ते स्वतः जाऊन दुरुस्त करून आणायचे. माझ्या लग्नाच्या पत्रिका आर्वीच्या छापखान्यात परत नेल्या, तेव्हा पाहुण्यांना पत्रिका पोचतात की नाही याची आईला धास्ती लागली होती. त्यांना कुणी कारण विचारलं तर म्हणायचे, “ळ आपल्या भाषेचा आहे. हिंदीवाल्यांकडे नाही. जुन्या ओव्या काढून पाहा, तिथं चंदन शीतळच असतं.” शेजारच्या बायकांचा समज वेगळा होता. माझ्या जन्माआधी गावात गोवर आला होता, तेव्हा शीतळामायला नवस बोलला असणार, असं त्यांनी ठरवून टाकलं होतं. मी दोन्ही ऐकून घ्यायची. नावाचा अर्थ थंड, शांत. आणि मी तर जेवतानाही दोनदा उठणारी. अर्थाचा आणि माझा काही संबंध नाही हे मला फार लवकर कळलं होतं.

आंजीला आत्याच्या घरी एक शीतल होतीच. तिच्या नावात ल. माझी आतेबहीण, माझ्याहून थोडी मोठी. एकाच घराण्यात सारखीच नावं का, असं मी एकदा आईला विचारलं, तर ती म्हणाली, “तवा तेच नाव चालत होतं.” आणि चुलीकडे वळली. आम्ही दिवाळीला आंजीला जायचो तेव्हा ही शीतल हमखास शेतात गेलेली असायची. संध्याकाळी यायची, माझ्या शेजारी बसायची, आणि आई तिच्या ताटात आपल्याच हातानं वाढायची. एवढंच मला आठवतं.

आता मी आर्वीला शाळेत शिकवते. वडील जाऊन बरीच वर्षं झाली. आई माझ्याकडे असते. गेल्या वर्षी जिन्यावरून तिचा पाय घसरला आणि खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन सावंगीच्या मेडिकल कॉलेजात झालं. ऐन सोयाबीन सोंगायचं सोडून आतेबहीण आंजीहून आली, डबा घेऊन. मी नको म्हणत असतानाही राहिली.

ऑपरेशनच्या दुसऱ्या दिवशी आई अर्धवट ग्लानीत होती. मी थर्मासमधून पाणी ओतत होते. तिनं डोळे उघडले आणि म्हणाली, “शीतल.”

स्वच्छ ल. मला ती अशी हाक कधीच मारत नाही. तरी मी पुढे झाले. तिचा हात माझ्या हातावरून पुढे गेला आणि तिनं पलीकडे उभ्या आतेबहिणीचं मनगट धरलं.

“शीतल, मी नाई देल्लं तुले. त्यायनं नेलं.”

“हो मामी. माहीत हाय मले,” ती म्हणाली. “झोप तू आता.”

आई झोपली. मी पेला खाली ठेवला, परत उचलला. वॉर्डाबाहेर येऊन व्हरांड्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालू लागले. पांढऱ्या कोटातली कॉलेजची मुलं घोळक्यानं जात-येत होती, मी त्यांच्या मधूनच चालत होते. थोड्या वेळानं आतेबहीण आली. तिनं माझा दंड धरून मला बाकावर बसवलं.

“काय माहीत आहे तुला?” मी विचारलं.

“तुले खरंच नाई माहीत?”

“काय?”

“मी मामीचीच होय. पोटची.”

तिनं ते ‘आज भेंडीची भाजी आहे’ म्हणावं तितक्या सहज सांगितलं. मग माझ्या तोंडाकडे पाहून तिचाच आवाज खाली आला. “माह्या लग्नात मायनं सांगतलं. हयद लागली होती अंगाले. रडून राह्यली होती माय. म्हने, आता सासरी चालली, खोटं घेऊन कायले जातं. मले वाटलं तुलेबी मामानं सांगतलं असन.”

मला कुणीही काहीही सांगितलं नव्हतं. मी एकुलती एक होते. शाळेत, लग्नात, नोकरीत, सगळीकडे मी तसंच सांगत आले होते.

रविवारी आईजवळ आतेबहिणीला बसवलं आणि मी आंजीला गेले. आत्या आता थकली आहे, लेकीकडेच राहते; लेकीचं सासर आंजीतच आहे. अंगणात खाटेवर बसून लसूण सोलत होती. मी काही विचारायच्या आधीच तिनं ओळखलं. “सांगतलं तिनं तुले,” ती म्हणाली, आणि लसूण बाजूला ठेवला.

लग्नाला बरीच वर्षं होऊन आत्याला मूल नव्हतं. सासरचे दुसरी करायच्या गोष्टी करू लागले. वडिलांनी बहिणीला शब्द दिला, माझी मुलगी तुझी. मुलगी चालायला लागली, अंगावरचं दूध सुटलं, आणि आत्या तिला घेऊन आंजीला आली. आईला कुणी विचारलं नव्हतं.

“मंग तू झाली,” आत्या सांगू लागली. “बारश्याले मी आली. नाव आत्यानंच ठेवाचं असते. तुही माय म्हने, कानात शीतल म्हना. मी म्हनलं, एक शीतल हाय ना माह्या घरी! तं म्हने, थे माही होय, अन् नावबी माहंच होय. पोट्टी नेली तुमी, नाव कायले नेता?”

“मग?”

“मी उठून चालली होती. माह्या पोटात भेव शिरला, का हे आता पोट्टी वापस मांगन. तवा तुहा बाप म्हने, एक अक्षर बदलवू. ळ लावू. माहंबी राह्यलं, तिचंबी राह्यलं.” मग ती जराशी हसली. “पन मले कुठं ळ म्हनता येते? तुह्या कानात मी काय म्हनलं, देवालेच ठाऊक.”

पुढे ती आपणहून म्हणाली, “दिवायीले तुमी आले का मी तिले शेतात धाडो. तुह्या मायच्या डोयासमोर ठेवाची हिंमत नोयती होत.”

मी तिच्यावर चिडायलाच गेले होते. पण चिडायला समोर एक म्हातारी बाई होती आणि तिच्या पदरावर लसणाची सालं. राग आला तो वडिलांचा. ज्याला मी त्यांचं भाषेवरचं प्रेम समजत होते, तो त्यांनी दोन बायकांमध्ये घातलेला बांध होता, आणि तो कुणी मोडू नये म्हणून ते छापखान्यापर्यंत जात होते. त्यानंतरचे कित्येक दिवस मी धड एका कामाला लागले नाही. वर्गात मुळाक्षरं घेताना ळ आला की माझा हात फळ्यावर थांबायचा. मुलं घोकत पुढे जायची आणि मी तिथेच. वडील समोर असते तर एकच विचारलं असतं: मला का नाही सांगितलं? ते काय म्हणाले असते ते मी अनेक तऱ्हांनी मनात बोलून पाहिलं. एकही उत्तर पटलं नाही.

आईला दवाखान्यातून सोडायची वेळ आली तेव्हा प्रश्न निघाला की न्यायचं कुठे. माझं घर वरच्या मजल्यावर, तिला जिना चढायची मनाई. मी खाली भाड्यानं खोली बघत होते. आई म्हणाली, “मले आंजीले ने.”

“किती दिवस?”

“जव्हापर्यंत पटन तव्हापर्यंत.”

तिला नेऊन सोडताना मला हेवा वाटला. इतक्या वर्षांत मी तिची एकटीची होते, आणि आता गाडीत ती पुढचा रस्ता बघत होती. आंजीला दोन्ही म्हाताऱ्यांच्या खाटा एकाच खोलीत टाकल्या. पहिल्या आठवड्यात त्या एकमेकींशी चहात साखर किती यावरून भांडल्या. दुसऱ्या आठवड्यात आत्या आईची वेणी घालत होती. त्यांच्यात मधल्या वेळात काय बोलणं झालं, ते मला कुणी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

आईला मात्र एकदा विचारलं. ती भिंतीला धरून चालायचा सराव करत होती, मी बाजूनं. “आई, लहानपणी तू मला हाक मारायचीस, तेव्हा कुणाला मारायचीस?”

ती थांबली. धाप लागली होती. “तुले,” ती म्हणाली. “घरी दुसरं कोन होतं?” मग चार पावलं टाकून पुन्हा थांबली. “कव्हा कव्हा दोघीइले. पन येत तं तूच होती ना धावत.”

आई अजून आंजीलाच आहे. मी बहुतेक रविवारी आर्वीहून एसटीनं जाते. आतेबहीण आईला अजून मामीच म्हणते आणि आत्याला माय. मी कारण विचारलं तर म्हणाली, “आता या वयात कोनाले काय बदलवून सांगू?” मी तिला लहानपणापासून शीतलच म्हणते, आणि मला ती एक हाकही बदलणं जमत नाही. गेल्या रविवारी ती गोठ्यात गाईला पाणी पाजत होती. मी मागे जाऊन उभी राहिले. ताई म्हणायचं असं ठरवून गेले होते. तोंडही उघडलं होतं.

तिनं वळून पाहिलं. “काय वं?”

“काही नाही,” मी म्हटलं. “बादली दे इकडं, मी भरून आणते.”