शिळ्या भाकरीचा अमेरिकन थाट

आज फरवानियातल्या आमच्या स्वयंपाकघरात कालची भाकरी कुस्करायला घेतली आणि त्या वासासरशी शेजारच्या नीलाची ख्रिसमसची मेजवानी आठवली. अटलांटात जेमतेम दोन वर्षं राहून कुवेतला आलेल्या या बाईने मक्याचा पाव मुद्दाम शिळा केला, कुस्करला, कोंबडीच्या रश्शात कालवला, वर कसलासा वाळका पाला भुरभुरला आणि ओव्हनमधून मिरवत बाहेर काढला.

“याला ड्रेसिंग म्हणतात, मावशी. तुमच्या साताऱ्याकडे असलं काही नसेल,” ती माझ्या सासूबाईंना म्हणाली. तेव्हा तिच्या तोऱ्याने मी बुजले होते. आता नुसती कीव येते.

सासूबाईंनी शांतपणे घास गिळला. “असतं की. शिळी भाकरी आम्हीही कुस्करून फोडणीला टाकतो. फक्त पाहुण्यांना वाढत नाही.”