अखितीसाठी राखलेल्या फोडी

फळं गोठवूनही खातात, हे सावित्राबाईला पहिल्यांदा कळलं तेव्हा ती तोंडाला पदर लावून हसली होती. तुंगार्लीच्या एका बंगल्यात ती स्वयंपाकाला होती आणि तिचा नवरा नवशा बागेच्या कामाला. बंगल्याची सून यशोधरा शुक्रवारी संध्याकाळी मुंबईहून पोरांना घेऊन यायची, म्हणून गुरुवारीच सगळं तयार लागायचं. चिकू सोलायचे, द्राक्षं पुसून कोरडी करायची, आंब्याच्या फोडी करायच्या. मग त्या ताटात एकमेकींना चिकटू न देता पसरायच्या आणि ताट फ्रीजरमध्ये सरकवायचं. फोडी कडक झाल्या की मगच डब्यात भरायच्या, नाहीतर सगळ्यांचा मिळून एक गोळा होतो. "आमच्याकडं भूक लागली की झाडाला हात लावत्यात," सावित्राबाई म्हणायची, "आन तुमच्यात भूक लागायच्या आदीच फळाला हुडहुडी भरवत्यात." यशोधरा हसायची. बाई कामाला चोख, तेव्हा तिला बोलायची मुभा होती.

हीच कला एक दिवस तुझ्या स्वतःच्या घरात लागेल, असं तेव्हा कुणी म्हटलं असतं तर सावित्राबाईनं त्याला "तुझ्या तोंडात माती पडो" म्हटलं असतं.

नवशाच्या गालाच्या आत जखम झाली. जन्मभर तंबाखूची चिमूट जिथं दाबून धरली, नेमकी तिथंच. दवाखाने झाले, पुण्याच्या खेपा झाल्या, मग शेक दिले. किरणांच्या उपचाराला वाडीत शेकच म्हणतात. त्या शेकानं तोंड आतून असं सोललं की नाचणीची पेजही तिखट लागायला लागली. भाताचं पोतं एकट्यानं पाठीवर घेणारा माणूस, पाण्याचा घोट गिळताना त्याच्या डोळ्यांतून पाणी यायचं. दोघं बंगल्याचं काम सोडून टाकवे बुद्रुकच्या वरच्या अंगाला असलेल्या आपल्या वाडीत परत आले. यशोधरानं निघताना जुना छोटा फ्रीज टेम्पोत घालून दिला. दुसरं काय द्यावं हे तिलाही सुचलं नसावं.

आणि मग सावित्राबाईच्या घरात रोजच गुरुवार सुरू झाला. कलिंगडाच्या बिया वेचून काढून बोराएवढ्या फोडी. केळ्याच्या चकत्या. दुधात कालवलेला चिकू, चमच्या-चमच्यानं ताटलीत थापून गोठवलेला. वाडीतल्या विजेचा भरवसा नव्हता, म्हणून फ्रीजवर गोधडी टाकायची, आणि वीज गेली की घरातल्या माणसांनी फ्रीजकडे बघायचंसुद्धा नाही अशी तिची ताकीद. नवशा एक फोड जिभेवर ठेवायचा आणि डोळे मिटायचा. ती विरघळेपर्यंत दुखणं थांबायचं. दिवसभरात दोघांच्या वाट्याला तेवढंच सुख उरलं होतं, आणि तेवढं टिकवायला ती जिवाचं रान करत होती.

पुढं डॉक्टरांनीही हात टेकले. देहूरोडला दिलेली लेक सुषमा तेव्हा सोबत होती. तिला बाजूला घेऊन ते म्हणाले, "आता घरीच ठेवा. मागतील ते द्या."

मागतील ते द्या. ऐकायला किती सोपं. त्यानं मागितला आंबा.

घरामागं रायवळ आंब्याचं झाड आहे. त्याच झाडावरून त्यांचा लखन पडला होता. मिसरूड फुटलेला पोरगा. पाडाचा आंबा दिसला म्हणून शेंड्याला चढला, वर बसूनच खाल्ला, आणि उतरताना फांदी मोडली. तेव्हा अखिती तोंडावर आली होती. अक्षय्य तृतीयेला वाडीत अखिती म्हणतात. त्या दिवशी घरातल्या गेलेल्या माणसांच्या नावानं पाण्याची घागर भरायची, त्यांच्यापुढं आंबा ठेवायचा, मग बाकीच्यांनी तोंडाला लावायचा. लखनला घरात आणलं तेव्हा त्याच्या हनुवटीवर रस तसाच होता. नवशाची थोरली बहीण कस्तुराबाई, वाडीतल्या साऱ्या रीतीभाती जिला तोंडपाठ, ती ऊर बडवत ओरडली, "आरं अखितीच्या आदी कशाला लावलास रं त्वांडाला!" दुःखात माणूस काय बोलतं त्याला धरबंध नसतो. कस्तुराबाई ते बोलून विसरलीही असेल. सावित्राबाईच्या काळजात मात्र ते रुतलं ते रुतलंच. तेव्हापासून त्या झाडाचा पहिला आंबा लखनचा. हा नेम खुद्द नवशानं घातला होता, आणि दोघांनी तो एकाही साली मोडला नव्हता.

औंदा अखिती उशिरा होती आणि आंबा मात्र घाईला आलेला. वाऱ्यानं पडलेले आंबे तिनं पेंढ्यात घातले, ते भराभर पिकले. अखितीपर्यंत टिकणं शक्यच नव्हतं. तेव्हा तिनं बंगल्यातल्यासारख्या फोडी केल्या, ताटात सुट्या पसरल्या. रस कोपरापर्यंत ओघळला, पण तिनं बोट चाटलं नाही. कोयी उकिरड्यात पुरल्या, हात राखेनं घासले. अखितीच्या सकाळी घागर भरायची, लखनपुढं फोड ठेवायची आणि लगेच दुसरी नवशाच्या जिभेवर. कापण्यात, गोठण्यात त्याचा एक क्षणही वाया जायला नको, असा तिचा बेत. परक्या पोरांसाठी तिनं इतकी वर्षं आगाऊ करून ठेवलं होतं, आता स्वतःच्या माणसासाठी ठेवत होती.

पण वास कुठल्या फ्रीजमध्ये कोंडणार?

"सावित्रे, आंबा कापतीस का?" नवशानं अंथरुणावरनं विचारलं. बोलणं आता घशातनं यायचं.

"व्हय."

"एक फोड दी."

"आवं, अखिती चार दिसांवर आलीया. लखनचं हुंद्या की."

आपणच घातलेला नेम नवशाला आठवला असावा. "व्हय गं," तो म्हणाला. "पोराला आदी." आणि त्यानं भिंतीकडं तोंड केलं.

बापाजवळ राहायला आलेल्या सुषमाला हे बघवेना. "आई, दिऊन टाक. डाक्टर काय म्हनालं? लखन काय रुसनार हाय व्हय?"

सावित्राबाई तिच्या अंगावर धावली. "एक घालिवलाय ह्याच पायी! आता ह्यास्नी बी घालवू?"

बाप जाणारच आहे, हे आईला तोंडावर सांगायचं धाडस सुषमाला झालं नाही. सावित्राबाई ते जाणत नव्हती असं नाही. पण जाणणं वेगळं आणि मानणं वेगळं. ज्या घरात कुंकवाचा धनी श्वास घेतोय, तिथली बाई आशा सोडत नाही, आणि सोडावी असं म्हणणारा माणूस शहाणा नव्हे. कस्तुराबाईला जाऊन विचारावं असं एकदा तिच्या मनात आलं. ती उंबऱ्यापर्यंत गेलीही. पण तिनं पुन्हा तसंच काही तोंडातनं काढलं तर? नेम मोडायचा विचार आपल्या मनात आला हेसुद्धा वन्संच्या कानावर जायला नको, म्हणून ती मागं फिरली.

दुसऱ्या दिवशी नवशाला बोलता येईना. त्यानं हातानं फ्रीज दाखवला. तिनं कलिंगडाची फोड दिली. त्यानं मान हलवली, फ्रीज पुन्हा दाखवला. तिनं चिकू दिला. मग त्यानं हात दाखवायचं सोडलं. मुकं जनावर असतं तर निदान हंबरलं असतं. हा माणूस जे मिळालं ते जिभेवर ठेवून डोळे मिटून पडून राहिला, आणि आपली समजूत पटली असं दाखवत राहिला.

अखितीच्या आदल्या दिवशी उजाडता उजाडता तो गेला. कलिंगडाची फोड तोंडातच होती. तिचं लाल पाणी ओठाच्या कडेनं उशीवर उतरलं तेव्हा सावित्राबाईला कळलं की गिळणारा आता नाही.

दुसऱ्या दिवशी वाडीत घरोघरी घागरी भरल्या, आमरसाचे वास सुटले. सावित्राबाईच्या घरात चूल पेटली नव्हती. शेजारणीनं आणून ठेवलेली पिठलं-भाकरी तशीच झाकलेली होती. कस्तुराबाई भावजयीच्या सोबतीला बसली होती. सावित्राबाई एकाएकी उठली, फ्रीजमधून डबा काढला आणि म्हणाली, "वन्सं, लखनची घागर भरायची ऱ्हायली."

"सुतक हाय बाई घरात. औंदा न्हाई." कस्तुराबाईनं डोळे पुसले. "पुढल्या साली दोघांची संगटच भरू."

"म्हंजी पोराला बी न्हाई?"

"न्हाई." मग तिचं लक्ष डब्याकडं गेलं. "ह्ये काय गं?"

"आंबा. आपल्याच झाडाचा. आज द्यायचा म्हनून ठिवलावता ह्यास्नी."

"मंग दिला न्हाईस व्हय त्याला?"

"अखितीच्या आदी कसा दिऊ, वन्सं?"

"आगं येडे, आजाऱ्याला कसला आलाय नेम! आजारी मानूस आन पोटुशी बाई, ह्यांला कंदीच दोष न्हाई. माज्या सासऱ्याला म्या सोता चारलाय ह्या हातानं, अखितीच्या आदी. येऊन इचारायचं तरी मला..."

सावित्राबाईच्या तोंडाकडं बघून कस्तुराबाईची जीभ जागच्या जागी थांबली. आपण काय बोलून गेलो ते तिला कळलं. आयुष्यात तिनं रीतीच्या बाबतीत कधी शब्द फिरवला नव्हता. आज फिरवला.

"न्हाई, म्हंजी... ती आमच्या सासरची रीत बग. आपल्यात न्हाई चालत. आपल्यात न्हाईच चालत, सावित्रे. तू केलंस त्येच बराबर."

तिचं सासर त्याच वाडीत होतं, चार घरं सोडून. तिथं रीत वेगळी कुठून असणार? माणूस गेल्याचं दुःख कधीतरी निवतं म्हणतात. पण त्यानं एक फोड मागितली, ती देता येत होती, आणि आपण दिली नाही, हे कशानं निवायचं? सावित्राबाई डबा पोटाशी धरून उभी राहिली. समोर म्हातारी नणंद तोंडात पदर कोंबून रडत होती. तिची तरी सुटका करावी म्हणून ती म्हणाली, "व्हय वन्सं. आपल्यात न्हाई चालत."